माळकऱ्याच्या घरातला कोंबडा

केशरबाईंच्या घरात कोंबडा आरवला तेव्हा त्या अध्यायाच्या ऐन मध्यावर होत्या.

घर माळकऱ्याचं. दोघा नवराबायकोच्या गळ्यात तुळशीची माळ, दारात वृंदावन, आणि चातुर्मास लागला की कांदा-लसूणही या घराची पायरी चढत नाही. अशा घरात कोंबडा! बरं, तो परसात नाही की छपरावर नाही. तो आरवत होता पडवीत, भिमाजींच्या मांडीवर, लेकानं आणून दिलेल्या टॅबमध्ये.

केशरबाईंनी ओवीवरचं बोट हलू दिलं नाही. एकदा डोळे मिटून घेतले, आणि पुढची ओळ धरली. कोंबडा पुन्हा आरवला. त्याच्यामागून एक गाय हंबरली, मग कुठलंसं लहान मूल खिदळलं. हे तर आता रोजचंच झालं होतं. कोंबड्यांनी अंडी घातली की कोंबडा, दुधाची वेळ झाली की गाय, आणि मूल कशासाठी खिदळतं ते केशरबाईंना अजून कळलं नव्हतं.

"आवं, तेवढं बंद करा" एवढे चार शब्द बोलले असते तर काम झालं असतं. पण तीच तर सोय नव्हती. आषाढी एकादशीपासून कार्तिकीपर्यंत, पहाटे अंथरुणातून उठल्यापासून पोथीचा एक अध्याय वाचून घंटा होईपर्यंत मौन, असं व्रत होतं. पोथीतल्या अक्षराखेरीज दुसरा शब्द तोंडातून जायचा नाही. गेलाच, तर अध्याय पुन्हा पहिल्या ओवीपासून.

हे व्रत काही हौसेचं नव्हतं. उन्हाळ्यात भिमाजी विहिरीवर मोटर चालू करायला गेले आणि छातीला हात लावून तिथंच खाली बसले. नगरच्या दवाखान्यात काचेच्या दाराबाहेर बसून केशरबाई देवाला म्हणाल्या होत्या, "मालक आपल्या पायानं घरी येऊ दे, हा चातुर्मास मी मौनानं करीन." भिमाजी आपल्या पायानं घरी आले. तिसगावच्या स्टँडवर गाडीतून उतरून, हात धरू न देता चालत आले. तेव्हापासून केशरबाईंच्या मनानं घेतलं होतं की हा जीव देवाकडून मागून आणलाय, उद्यापन होईपर्यंत तो आपला नाही. व्रतात खोट राहिली तर देव काही करेल असं नाही, देव तसा नसतो. पण आपण कुठल्या तोंडानं त्याच्यापुढे उभं राहायचं?

आणि आता कार्तिकी एकादशी तोंडावर आली असताना ज्याच्यासाठी हे सगळं चाललंय तोच माणूस पडवीत कोंबडे आरववत बसला होता.

केशरबाईंनी देवघराच्या उंबऱ्यातून हात हलवला. भिमाजींनी वर पाहिलं. ते कानानं जरा जड, म्हणून टॅबचा आवाज नेहमी शेवटाला नेलेला.

"काय गं? पानी पायजे?"

त्यांनी मान हलवली. टॅबकडे बोट दाखवलं, मग स्वतःच्या कानाकडे.

"कान दुखतोय तुझा?"

केशरबाईंनी कपाळाला हात लावला.

"आन डोकं बी? मंग जरा पड की. देव काय पळून चाललाय व्हय?"

शेवटी त्यांनी दोन्ही हात जोडले. भिमाजींनीही मोठ्या भक्तिभावानं हात जोडले आणि मान खाली घालून पुन्हा गाजरं काढायला लागले.

त्या टॅबातल्या शेतात गाजरं होती. पाथर्डीच्या मुरमाड रानात उभ्या जन्मात गाजर न लावलेला माणूस तिथं वाफेच्या वाफे गाजरं काढत होता. डॉक्टरांनी वाकायचं नाही, उचलायचं नाही, उन्हात जायचं नाही, असं सांगितल्यावर रान गावातल्या गोरक्षला वाट्यानं दिलेलं. लेक संदीप सुप्याच्या एमआयडीसीत नोकरीला. त्यानं "बाबा, ह्याच्यावर कीर्तनं ऐका" म्हणून टॅब आणून दिला. कीर्तन ऐकता ऐकता कुठूनशी ही शेती त्यात उगवली. त्या शेतातली विहीर आटत नव्हती. पावसाची वाट बघायची नव्हती. बोट लावलं की पीक तयार. केशरबाईंना सुरुवातीला बरंच वाटलं होतं, माणूस भिंतीकडे बघत बसायचा थांबला म्हणून. पण खऱ्या शेतानं कधी पहाटे घरात येऊन आरडाओरडा केला नव्हता.

त्या पुन्हा पोथीकडे वळल्या तोच फाटक वाजलं. शेजारची कडूबाई. ऊसतोडीची टोळी निघायला आलेली, त्यामुळे बाईला सकाळपासून दहा घरची कामं.

"केशरआक्का, कोंबडा आनलाय म्हनं!" कडूबाई थेट ओसरीला आली. "म्या म्हनलं, बगावं तरी. गावरान अंडी असली तर द्या की थोडी. आमच्या सुनंला दिवस हायेत, कारखान्यावर गेल्यावर कोन इचारतंय तिला."

केशरबाईंनी जोरजोरात मान हलवली.

"न्हाई म्हनू नका आक्का. म्या सोताच्या कानानं आयकला. आता बी आरडला." कडूबाईनं आवाज खाली आणला. "कुनाला सांगत न्हाई मी. माळ हाय तर काय झालं? दाजींना डॉक्टरनं सांगितलं आसंल ताकदीसाठी. मानसाच्या जिवाम्होरं माळ कुठली आली?"

केशरबाई उठून उभ्या राहिल्या, ओठ घट्ट मिटून. टॅबकडे बोट दाखवलं. कडूबाईनं त्या बोटाच्या रेषेत पाहिलं. तिला दिसले खाटेवर बसलेले भिमाजी आणि खाटेखालचा अंधार.

"खाटंखाली डाललाय व्हय? बगू."

"आमच्यात अंडी नसत्यात!"

शब्द सुटला. तोही असा की वृंदावनावरची चिमणी उडाली. केशरबाईंचा आवाज मुळात इतका मऊ की समोरचा माणूस कान पुढे करून ऐकायचा. असा खणखणीत सूर भिमाजींनीही लग्नानंतर बहुधा पहिल्यांदाच ऐकला. कडूबाई "बरं बाई, ऱ्हायलं" म्हणत मागच्या पावली गेली. केशरबाई खाली बसल्या, पोथीची पानं उलटी केली, आणि पहिल्या ओवीपासून सुरुवात केली.

घंटा व्हायला त्या दिवशी ऊन पार ओसरीत आलं. भिमाजी तोवर खाटेवरच होते. शेजारी पाण्याचा तांब्या, गोळ्यांची पट्टी. दोन-तीनदा त्यांनी देवघराकडे पाहिलं. घंटा झाली तसा त्यांनी तांब्या तोंडाला लावला, आणि केशरबाई चहाच्या आधणाकडे वळल्या.

चहा देताना त्यांनी समजावून सांगितलं. नेहमीच्या मऊ आवाजात.

"आवं, तेवढा सकाळचा येळ कोंबडा गप ठेवा. एकादशी आलीया. आता खोट नको."

"व्हय व्हय. केला बग गप." भिमाजींनी टॅबच्या कडेचं बटण दाबलं. आणि संध्याकाळी कीर्तन लावलं तेव्हा बुवांचा आवाज येईना म्हणून तेच बटण वर नेलं. हे रोज असंच. मग पहाटे बुवांच्या कृपेनं कोंबडाही मोठा व्हायचा.

मागं एकदा केशरबाईंनी स्वतःच बंद करून पाहायचं ठरवलं होतं. वरचं बटण दाबलं तर टॅबनं खटकन फोटो काढल्यासारखा आवाज केला आणि पडदा क्षणभर पांढरा झाला. दुसरं दाबलं तर कुणाला तातडीनं फोन लावायचाय, असं विचारायला लागला. त्यांनी तो उपडा ठेवला आणि हात धुतले.

कडूबाई अंडी मागून गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी पहाटे त्यांनी मनाशी पक्का बेत केला. भिमाजी मोरीत गेलेले. केशरबाईंनी टॅब उचलला, संदीपच्या लहानपणच्या स्वेटरात गुंडाळला, धान्याच्या पत्र्याच्या कोठीचं झाकण काढलं, बाजरीत कोपरापर्यंत हात घालून तो खाली पुरला, आणि झाकण लावून वर पाटा ठेवला. मग सोवळं नेसून शांत चित्तानं पोथी उघडली.

"आगं, टॅब कुठं हाय माजा?"

केशरबाईंनी पोथीवरची नजर काढली नाही.

"उशाला ठिवला हुता म्या. तू बगितला का?"

त्यांनी खांदे उडवले. आता मौनात खांदे उडवणं हे खोटं बोलण्यात धरायचं की नाही, हा प्रश्न त्यांना ओवी वाचता वाचता टोचत राहिला. पण बोलले तर नाही ना, असं म्हणून त्यांनी तो बाजूला सारला. भिमाजी खाट उचलून बघत होते. डॉक्टरांनी उचलायचं नाही सांगितलेलं, आणि हा माणूस खाट उचलत होता! केशरबाई चुटक्या वाजवत राहिल्या. भिमाजींना त्या ऐकू गेल्या नाहीत. अंथरूण झटकलं, गाठोडं सोडलं, फळीवरचे डबे हलवले.

आणि कोठीत कोंबडा आरवला.

पत्र्याच्या कोठीत, बाजरीच्या पोटात, स्वेटराच्या आतून तो असा आरवला की आडात पडलेला कोंबडा जीव तोडून ओरडावा. पत्रा नुसता घुमला. त्यामागून गाय हंबरली आणि कोठीच्या तळातून ते मूल खिदळलं. अंगावर काटा आला केशरबाईंच्या.

"हाड!" त्यांच्या तोंडून गेलं.

कानानं जड असल्यामुळे भिमाजींना आवाज आला, पण कुठून ते कळलं नाही. ते परसात बघायला गेले. केशरबाई थिजून बसल्या. मग मनाची समजूत घालू लागल्या. 'हाड' हा काही शब्द नव्हे. कोंबडं, कुत्रं हाकलताना माणसाच्या तोंडून वारा निघतो तसा तो निघतो. त्याला काही अर्थ असतो का? त्यांनी अध्याय पुढं ओढला, संपवला, घंटा वाजवली.

पडवीत तांब्या वाजला.

केशरबाई आधण ठेवायला उठल्या आणि चुलीपाशीच थांबल्या. अर्थ नसता तर कुत्र्याला तरी कसा कळला असता? शब्दच तो. स्वतःची फसवणूक करता येते, ज्याच्यापुढे दिवा लावलाय त्याची कशी करणार? त्या माघारी फिरल्या, बसल्या, आणि पुन्हा पहिल्या ओवीपासून सगळा अध्याय वाचला. या वेळी कोठी गप्प होती. ऊन चढलं. अध्याय संपला. त्यांनी पुन्हा घंटा वाजवली, या वेळी मन निवळून, जरा जास्तच जोरात.

पडवीत पुन्हा तांब्या वाजला. तो त्यांना ऐकू आला, पण त्यात ध्यानात ठेवण्यासारखं काय होतं? माणसाला तहान लागते.

चहा झाला, भाकरी झाली. केशरबाई अंगणात धुणं वाळत घालत होत्या. भिमाजी अजून टॅब शोधत घरभर हिंडत होते, ते वृंदावनाच्या मागं वाकून बघायला गेले. उठले, आणि वृंदावनाला धरून तसेच थांबले. मग हळूहळू, भिंतीवरून ओला पोतेरा घसरावा तसे खाली बसले.

"आवं!"

केशरबाईंच्या हातातलं धोतर मातीत पडलं. भिमाजींचा चेहरा राखेसारखा झालेला, कपाळाला घाम. "कायन्हाई, कायन्हाई," ते पुटपुटत होते, "गरगराय लागलं नुसतं." केशरबाईंनी कडूबाईला हाक मारली. लागोपाठ दुसऱ्या दिवशी त्यांचा तो खणखणीत आवाज ऐकून कडूबाई चप्पल न घालता धावत आली, आणि तशीच प्रज्ञाला आणायला पळाली.

प्रज्ञा उपकेंद्रातली नर्स. गल्लीच्या तोंडाशीच खोली घेऊन राहायची, आणि भिमाजी दवाखान्यातून आल्यापासून जाता-येता त्यांचं बीपी बघून जायची. आली तशी तिनं भिमाजींना ओसरीवर आडवं केलं, पायांखाली उश्या सरकवल्या, दंडाला पट्टा बांधला. काटा बघून तिच्या कपाळाला आठी पडली.

"बीपी फारच खाली आलंय. काका, सकाळची गोळी घेतली?"

"घेतली की."

"एकच?"

भिमाजींनी डोळे उघडले, केशरबाईंकडे पाहिलं आणि पुन्हा मिटले.

"दोन."

"दोन? का?"

"घंटा दोनदा झाली."

ओसरीवर कुणाला काही कळेना. प्रज्ञानं आधी डॉक्टरांना फोन लावला. त्यांनी आज आणखी गोळी मुळीच नको, पाणी द्या, पडून राहू द्या, तासाभरानं पुन्हा बघा, असं सांगितलं. तासाभरात भिमाजींच्या तोंडावर रंग आला, आणि मग तिनं विचारलं, "आता सांगा, घंटा कसली?"

"हिची. देवाची." भिमाजी पडल्या पडल्या बोलत होते. "दवाखान्यातनं आल्यापासनं तसंच हाय. हिची घंटा झाली की म्या गोळी गिळतो. घंटा, गोळी, च्या. कवा चुकलं न्हाई. आज पयली झाली तवा घेतली. मंग परत झाली. मला वाटलं, मघाचा भास आसंल. टॅब गावत न्हवता, डोकं ठिकान्यावर न्हवतं."

केशरबाई ओसरीच्या खांबाला टेकल्या.

"मला एका शब्दानं सांगितलं न्हाई तुमी."

"मला वाटलं तुला ठाव हाय."

"कुठनं ठाव असनार? मी मौनात, तुमी गाजरात!"

कडूबाई फिस्सकन हसली आणि पदर तोंडाला लावला.

म्हणजे अध्याय पुन्हा वाचावा लागला त्या प्रत्येक दिवशी हा माणूस गोळीवाचून, चहावाचून घंटेची वाट बघत बसला होता. काल ऊन ओसरीत येईपर्यंत. "मंग काल तरी हाक मारायची," त्या म्हणाल्या. त्यावर भिमाजी म्हणाले, "तुझं व्रत माज्यासाठी, मधीच कसं टोकू?" आता या उत्तरावर चिडावं की काय करावं? केशरबाई चिडल्याच.

"पण काका, संदीपनं टॅबवर औषधाची आठवण लावून दिलीय ना?" प्रज्ञानं विचारलं. "माझ्यासमोर लावली होती. टॅब कुठाय?"

आता गप्प राहायची पाळी केशरबाईंची होती, आणि या वेळी मौनाचा आधार नव्हता. त्या उठल्या. पाटा उतरवला, कोठीचं झाकण काढलं, बाजरीत कोपरापर्यंत हात घातला आणि स्वेटराचं गाठोडं बाहेर काढून प्रज्ञाच्या पुढं ठेवलं.

भिमाजी कोपरावर उठून बसले. "म्हंजी कोठीत? तू पुरला त्याला? मौनात खोटं बोललीस माज्याशी?"

"बोलले न्हाई. खांदं उडवलं."

टॅबच्या फटीतून बाजरीचा दाणा पडला. पडदा उजळला आणि प्रज्ञा मोठ्यानं वाचायला लागली, "'मालक, तुमची कोंबडी तुमची आठवण काढून रडत आहे.' 'मालक, तुमची गाजरे निराश झाली आहेत.' 'मालक, तुम्ही आम्हाला विसरलात का?' अगं आई गं. ही तर रांगच लागलीय."

"गाजरं निराश हायेत," केशरबाई म्हणाल्या.

प्रज्ञानं सेटिंग उघडलं आणि ती पाहतच राहिली. "काका, तुम्ही सगळ्यांना बोलायची परवानगी देऊन ठेवलीय. गेमला, हवामानाला, कीर्तनाला, ह्या कुठल्या साड्यांच्या दुकानाला पण."

"साड्यांचं म्या न्हाई केलं."

"आणि फक्त एकाचं तोंड बंद केलंय."

"कुनाचं?" केशरबाईंनी विचारलं.

"औषधाच्या आठवणीचं."

भिमाजी छताच्या वाशांकडे बघायला लागले. "ती बाई लई आरडायची. 'औषधाची वेळ झाली आहे, औषधाची वेळ झाली आहे.' ऐन धारंच्या टायमाला. गाय बिचकायची."

"टॅबातली गाय," केशरबाई हळू म्हणाल्या. त्यांचा आवाज आता इतका खाली गेला होता की तिघांनाही कान पुढे करावे लागले. "मी चार म्हैनं तोंड बांधून बसले, कुनाच्या जिवासाठी? आन तुमी तोंड बांधलं कुनाचं? गोळीचं! कोंबड्याला मोकळा सोडला, मला गप बसवली, आन गोळीलाबी गप बसवली!"

"तुला म्या कुठं गप बसवली? तूच देवाला—"

"आता तुमी गप बसा."

भिमाजी गप बसले.

प्रज्ञानं केशरबाईंना शेजारी बसवलं. "मावशी, तुम्हीच करा. उद्या मी असेन नसेन. ह्या कोंबड्याच्या ओळीवर बोट ठेवा आणि दाबून धरा. उचलू नका लगेच."

केशरबाईंनी अंगाऱ्याची चिमूट धरावी तशी बोटं जवळ आणली आणि एक बोट पडद्यावर ठेवलं. ओळ रुंद झाली, खाली दोन-तीन पर्याय आले.

"आता इथं सायलेंट. झालं. ह्यापुढं तो येईल, पण आरवणार नाही."

"एवढंच?"

"एवढंच."

चार महिने. कोठी, स्वेटर, पाटा, खाणाखुणा, जोडलेले हात, आणि उपाय काय, तर बोट ठेवून न उचलणं. केशरबाईंना हसूही आलं नाही. मग साड्यांचं दुकान गप्प झालं, हवामान गप्प झालं. ते खिदळणारं मूलही सापडलं. शेजारच्या शेतातून कुणी भेट पाठवली की ते हसायचं. त्याच्यावर केशरबाईंनी बोट जरा जास्तच वेळ दाबून धरलं.

"कोंबड्या मरत्याल का गं पोरी?" भिमाजींनी न राहवून विचारलं.

"नाही काका. फक्त ओरडणार नाहीत."

"मंग आंडी दिली ते कळनार कसं?"

"तुम्ही स्वतः जाऊन बघायचं."

"खऱ्या कोंबड्या काय सांगाय येत्यात व्हय दाजी?" कडूबाई म्हणाली. "आमच्या तर कुठं घालत्यात त्ये हुडकावं लागतं." एवढं बोलून तिला कालचं आठवलं, आणि ती केशरबाईंकडे बघून अपराधी हसली. "म्या आपली खाटंखाली बगाय निघाल्ते."

"आणि हे सगळ्यात महत्त्वाचं." प्रज्ञानं आणखी एक पान उघडलं. "सकाळी तुमचं वाचन असतं तेवढ्या वेळात टॅबनं तोंडच उघडायचं नाही. वेळ लावून ठेवते. मी विपश्यनेच्या शिबिराला गेले होते ना, तिथं मौन असतं, तर मोबाईल दारातच जमा करून घेतात. इथं तसं नको, म्हणून हे. फक्त औषधाची आठवण चालू राहील. तिला अडवायचं नाही."

केशरबाईंनी पडद्यावरची अक्षरं सावकाश वाचली. व्यत्यय आणू नका.

"हे कुनी लिवलं?"

"कंपनीनंच. असतं ते आत."

"घराच्या दारावर बी लावता येतंय का बग बाई," केशरबाई म्हणाल्या.

जाताना प्रज्ञानं दोघांनाही दम दिला: गोळी घड्याळाची, घंटा देवाची, दोघींची गाठ घालायची नाही. ती गेल्यावर केशरबाईंनी पुन्हा बजावलं. "उद्यापासनं टॅबातली बाई वरडली की गोळी. माज्या घंटंकडं बगायचं न्हाई. आयकलं?"

"व्हय व्हय," भिमाजी म्हणाले.

या 'व्हय व्हय'वर तेव्हाच थांबून विचार करायला हवा होता.

दुसरी पहाट अशी उजाडली की केशरबाईंना क्षणभर स्वतःचे कान गेल्यासारखं वाटलं. वृंदावनाला पाणी घातलं, दिवा लावला, पोथी उघडली. कोंबडा नाही. गाय नाही. पडवीत भिमाजी टॅब मांडीवर घेऊन गुमान बसलेले, बोट फिरवत. ओव्या एकीमागून एक पाण्यासारख्या जात होत्या. चातुर्मासाच्या सुरुवातीला असं वाचन व्हायचं. अध्याय अर्ध्यावर आला.

"औषधाची वेळ झाली आहे."

केशरबाई दचकल्या. बाईचा आवाज कोंबड्यापेक्षा मोठा होता, आणि तिला खिदळायची, हंबरायची सवय नव्हती. ती एकच वाक्य धरून बसणारी होती.

"औषधाची वेळ झाली आहे."

घेतील आता, असं म्हणून केशरबाईंनी पुढची ओवी वाचली.

"औषधाची वेळ झाली आहे."

त्यांनी मान वळवली. भिमाजी खाटेवर ताठ बसले होते. एका हातात तांब्या, दुसऱ्या तळव्यावर गोळी. टॅब शेजारी ओरडत होता आणि ते देवघराकडे बघत होते. घंटेकडे.

केशरबाईंनी भुवया उंचावल्या. बोटानं टॅब दाखवला, मग तोंड दाखवलं. घ्या!

"घेतो की," भिमाजी म्हणाले. "तुझं हू दे. घंटा झाली की घेतो."

केशरबाईंनी डोळे वटारले.

"आगं, असल्या यंत्रातल्या बाईचं आयकून गोळी घेतली तर ती लागू पडंल का? चार म्हैनं देवाच्या घंटंवर घेतलीया, तवाच तर उभा हाय. आता एकादशीच्या तोंडावर मोडू व्हय?"

"औषधाची वेळ झाली आहे," बाई म्हणाली.

जिभेच्या शेंड्यावर सगळं आलं होतं. काल काय सांगितलं होतं, प्रज्ञानं काय सांगितलं होतं, तुमच्या हट्टापायी, तुमच्या कोंबड्यापायी, तुमच्या गाजरापायी. एक शब्द उच्चारला की अध्याय पहिल्यापासून. म्हणजे घंटा आणखी लांब. म्हणजे हा माणूस तळव्यावर गोळी घेऊन आणखी तासभर असाच बसणार, देवाच्या नावानं, आणि ती बाई ओरडत राहणार. आणि न बोलावं, तरी अजून अर्धा अध्याय बाकी.

केशरबाईंनी पोथीवर डावं बोट ठेवलं, ओवी सुटू नये म्हणून. उजवा हात लांब केला, घंटा उचलली, आणि अध्यायाच्या मधोमध, कुठल्याही शास्त्रात न बसणारी, दणदणीत घंटा वाजवली.

भिमाजींनी ताबडतोब गोळी तोंडात टाकली, तांब्या लावला, घोट घेतला, आणि टॅबच्या डोक्यावर बोट मारून बाईला गप्प केलं.

"झाला का अध्याय? लई लवकर झाला आज. च्या ठिव मंग."

केशरबाईंनी देवाकडे पाहिलं. दिवा शांत होता. शब्द तर गेला नव्हता. घंटेला शब्द म्हणत नाहीत, एवढं देवालाही मान्य असावं. त्यांनी भिमाजींना बस म्हणून हात दाखवला, आणि डाव्या बोटाखालची ओवी उचलून तिथूनच पुढं वाचायला लागल्या.

अध्याय संपला तेव्हा ऊन नुकतं ओसरीला लागलं होतं. सवयीनं त्यांचा हात घंटेकडे गेला. पडवीत गोळ्यांची पट्टी अजून खाटेवरच होती, आणि तांब्यात पाणी होतं.

त्यांनी हात मागं घेतला, नुसता नमस्कार केला, आणि घंटा उचलून कोठीत बाजरीवर ठेवली, उद्यापर्यंत.